पोलिसाचं गुपित कुणाच्या खिशात?

बीबीसीची 'लाइन ऑफ ड्यूटी' ही मालिका मुलीनं मला मोबाइलवर लावून दिली. २०१२ ते २०२१ या काळात तिची सहा पर्वं झाली. पोलिसांमधले भ्रष्ट पोलीस शोधणाऱ्या पथकाची ही गोष्ट. त्याच पथकात टोळीचा एक माणूस बसलेला असतो, डॉट कॉटन. तिसऱ्या पर्वात त्याचं बिंग फुटतं. बघताना मला मात्र सारखा आठवत होता आपला अनंत वेलणकर.

'अर्धसत्य' आला १९८३ साली. मूळ मराठी कथा श्री. दा. पानवलकरांची, 'सूर्य'. पटकथा विजय तेंडुलकरांची, दिग्दर्शन गोविंद निहलानींचं. ओम पुरींचा सब-इन्स्पेक्टर वेलणकर लाच खात नाही. मग तो अडकतो कशात? उपकारात. नोकरीवर गदा येते तेव्हा त्याचे वरिष्ठ हैदर अली एका मध्यस्थाकरवी दिल्लीतून प्रकरण मिटवतात. (शफी इनामदारांची ती भूमिका. पडद्यावर आमच्या नावाचा, साधा, व्यवहारी पोलीस बघून शाळकरी वयात मला केवढं अप्रूप वाटलं होतं!) वेलणकर वाचतो खरा, पण त्याचं गुपित आता दुसऱ्याच्या खिशात असतं.

पुढे त्यानं पकडलेल्या दरोडेखोराचं श्रेय भलताच अधिकारी नेतो. तो संताप निघतो कोठडीतल्या एका भुरट्या चोरावर. चोर मरतो. आता वाचवू शकेल असा एकच माणूस उरतो, रामा शेट्टी. ज्याला पकडायचं तोच! सदाशिव अमरापूरकरांचा शेट्टी इथे आवाजही चढवत नाही. गरज कुणाला आहे, हे त्याला ठाऊक असतं. वेलणकर त्याचा गळा दाबतो आणि स्वतः ठाण्यात हजर होतो.

चित्रपटात दिलीप चित्रे यांची एक कविता आहे. वेलणकर ती सहज म्हणून वाचायला घेतो आणि वाचता वाचता त्याचा चेहरा उतरत जातो. आपलंच गुपित आपल्याला मोठ्यानं वाचायला लागावं, तसा. कवी म्हणून मला या प्रसंगाचा हेवा वाटतो.

पण प्रत्यक्षात असं गुपित लपतं कुठे? कागदावर. छातीत कळ आली, जिन्यावरून पडला, अशी नोंद होते. मारणारा आणि नोंद करणारा एकाच छपराखाली! म्हणून तर कोठडीतला मृत्यू चोवीस तासांत मानवी हक्क आयोगाला कळवावा, अशी सूचना १९९३ साली निघाली. १९९६ च्या डी. के. बसू निकालानं अटकेच्या कागदावर साक्षीदाराची सही आणि दर ४८ तासांनी वैद्यकीय तपासणी सक्तीची केली. २००६ पासून अशा मृत्यूची चौकशी न्यायदंडाधिकाऱ्यांकडे आली. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं प्रत्येक ठाण्यात कॅमेरे लावायला सांगितलं.

कॅमेरा फिरवता येतो, नोंद बदलता येते. शेजारच्या बराकीतल्या बायकांचं काय करणार? जून २०१७ मध्ये आमच्या भायखळ्याच्या महिला कारागृहात मारहाणीनंतर एका कैदी बाईचा मृत्यू झाला. बाकीच्या कैदी बायका गच्चीवर चढल्या, ओरडल्या, कागद जाळले. त्यानंतर त्यांनी जबाबही दिले. जुलैच्या सुरुवातीला कारागृहाच्या सहा महिला कर्मचाऱ्यांना खुनाच्या आरोपाखाली अटक झाली.

त्याआधीच, गच्चीवर चढलेल्या त्या बायकांवर दंगलीचा गुन्हा दाखल झालेला होता.