बसच्या वाटेवरून उजवीकडे

गेल्या वर्षी पावसाळ्याच्या तोंडी आम्हांस बडोद्यास जाण्याचा योग आला. सरकारदरबारी त्या शहराचे नाव आता वडोदरा असले तरी आपल्या मराठी घरांतून ते अजून बडोदेच आहे. दांडिया बाजार किंवा रावपुऱ्यातून हिंडताना मराठी शब्द कानांवर पडले की गायकवाडांच्या राजवटीची आठवण आपोआप होते. आमच्या गावचा एक तरुण तेथे एका कारखान्यात नोकरीस आहे. त्याने नवे घर घेतले होते, आणि त्या घरास आशीर्वाद देण्यास आम्हीच यावे असा त्याच्या आईचा आग्रह होता. कार्य यथासांग पार पडले. दुसऱ्या दिवशी त्याचे सासरे अहमदाबादेस एका रुग्णालयात होते, त्यांना पाहावयास जावयाचे ठरले. गाडी तरुणाची, शेजारी आम्ही, मागे त्याची पत्नी व तिच्या मांडीवर मूल.

बडोदे ते अहमदाबाद हा सुमारे ९३ किलोमीटरांचा द्रुतगती मार्ग गप्पांत केव्हा सरला ते कळले नाही. अहमदाबादेत शिरल्यावर मात्र रस्त्याचे रूप पालटले. मधोमध दोन्ही अंगांस कठडे, त्यांच्या आत बसकरिता राखून ठेवलेली वाट, आणि त्या वाटेच्याही मध्यावर उंच ओट्याची बसस्थानके! आम्हांस पुढच्या चौकात उजवीकडे वळावयाचे होते. सिग्नल हिरवा झाला. समोरून येणाऱ्या गाड्यांचा लोंढा ओसरला, आणि ज्यांच्या हाती चाक नव्हते ते आम्ही मोठ्या जाणतेपणाने म्हणालो, “निघ रे बाबा, मोकळे आहे.”

त्याने चाक फिरविले मात्र, उजव्या अंगाने, पाठीमागून, बसचा भोंगा कानांत घुसला. बस कचकन थांबली ती आमच्या दारापासून दोन हातांवर. आमच्या गाडीस ओरखडाही उठला नाही. परंतु बसच्या काचांतून आत पाहिले तेव्हा उभी असलेली माणसे एकमेकांवर कोसळलेली दिसली. सात-आठ वर्षांच्या एका मुलाचा ओठ पुढच्या दांड्यावर आपटून फुटला होता व त्याची आई पदराने रक्त टिपीत होती. बसचालक एक शब्दही बोलला नाही. त्याने फक्त वर बोट केले. हिरवा दिवा होता खरा, पण तो सरळ जाणाऱ्यांसाठी. उजवीकडे वळणाऱ्यांचा बाण तेव्हा तांबडाच होता.

“फादर, मी समोर पाहिलं होतं हो,” तो तरुण पुनःपुन्हा म्हणत होता. त्याचे म्हणणे खोटे नव्हते. आम्हीही समोरच पाहिले होते, आणि चूक नेमकी तेथेच होती.

ही चूक केवळ आमची एकट्याची नव्हे. बडोद्यात अशी राखीव वाट नाही. तेथे बस इतर वाहनांच्या गर्दीतूनच वाट काढीत जाते. आपल्या गावाकडील एस. टी. देखील तशीच. अशा रस्त्यांवर ज्याने गाडी शिकली, त्याच्या अंगवळणी एकच गोष्ट पडलेली असते: उजवीकडे वळताना समोरून कोण येत आहे ते पाहावयाचे. मागून उजव्या अंगाने कोणी येईल ही शंका त्याच्या मनास शिवत नाही, कारण तो स्वतःच रस्त्याच्या मध्याशी आलेला असतो. परंतु बडोद्याच्या उत्तरेस अहमदाबाद आणि दक्षिणेस सुरत, या दोन्ही शहरांत बसच्या राखीव वाटा आहेत. अहमदाबादेतील ‘जनमार्ग’ १४ ऑक्टोबर २००९ रोजी सुरू झाला, सुरतेतील वाट २०१४ मध्ये. आपल्याकडील पुण्याने तर त्याच्याही आधी, २००६ च्या डिसेंबरात, कात्रज, स्वारगेट आणि हडपसर यांना जोडणाऱ्या रस्त्यांवर हा प्रयोग केला. आपली मुलेबाळे या शहरांत नोकरीस, शिक्षणास, सासरी गेलेली आहेत. त्यांच्या भेटीस आपण आपल्याच गाडीने जातो, आणि गावाकडची सवय बरोबर घेऊन जातो.

मूळ कल्पना ब्राझील देशातील कुरितिबा या शहराची. १९७४ मध्ये तेथे रस्त्याच्या मध्यातून बसना वेगळी वाट देण्यात आली. आगगाडीचे रूळ टाकण्यास लागणाऱ्या पैशाच्या अल्प अंशात पुष्कळ माणसे वेगाने नेता येतात हे त्या शहराने जगास दाखविले. यातील न्याय साधा आहे. एका मोटारीत बहुधा एक-दोन माणसे असतात, बसमध्ये पन्नास-साठ. त्यांना मोटारींच्या खोळंब्यात अडकवून ठेवावयाचे कारण काय? आम्हांस हा युक्तिवाद पटतो. तरीही ज्याला चौकात उजवीकडे वळावयाचे आहे त्याचे काम या वाटेमुळे अवघड होते, हे नाकारण्यात अर्थ नाही.

ते अवघड का होते, हे नीट समजून घ्यावे. आपल्या देशात वाहने डावीकडून चालतात. साध्या रस्त्यावर उजवीकडे वळणाऱ्यास समोरून येणाऱ्या वाहनांचा एकच प्रवाह ओलांडावा लागतो. मध्ये बसची वाट आली की प्रवाह तीन होतात. पहिला, आपल्याच दिशेने पाठीमागून येणाऱ्या बसचा, आणि तो आपल्या उजव्या खांद्याशी असतो. दुसरा, समोरून येणाऱ्या बसचा. तो पुष्कळदा स्थानकाच्या इमारतीआड लपलेला असतो. तिसरा, समोरून येणाऱ्या मोटारी व दुचाक्यांचा. यांपैकी तिसरा आपणांस ठाऊक असतो. दुसरा जरा मान पुढे काढली की दिसतो. पहिला मात्र आरशात आणि खांद्यावरून वळून पाहिल्यावाचून दिसतच नाही. डाव्या आसनावर बसलेल्या मनुष्यास तर तो दिसणे जवळजवळ अशक्यच. म्हणून आमच्यासारख्याने “मोकळे आहे” असे सांगणे हा शुद्ध आगाऊपणा होता.

आता थोडा हिशेब करू. ताशी ४० किलोमीटर वेगाने येणारी बस एका सेकंदात ११ मीटर पुढे सरकते. चालकास धोका दिसून त्याचा पाय ब्रेकवर जाईपर्यंत दीड सेकंद गेला, तर १६ मीटर तर गेलेच, आणि ब्रेक लागू होणे त्यापुढेच. उलट, चौकात थांबलेली आपली गाडी हलवून बसच्या दोन्ही मार्गांपलीकडे संपूर्ण नेण्यास सुमारे चार सेकंद लागतात. तेवढ्या वेळात बस ४४ मीटर येते, म्हणजे जवळजवळ चार बस एकापुढे एक उभ्या केल्या तर होईल इतके अंतर. “अजून लांब आहे” असे आपणांस वाटते ती बस बहुधा त्या अंतराच्या आतच असते. आणि बसचालकाने कचकन थांबविली, तर बाहेरचा वाचतो पण आत उभा असलेला पडतो. त्या मुलाचा ओठ असाच फुटला.

कायद्याचे म्हणणे काय? गाडी चालविण्याचे नियम पूर्वी १९८९ च्या नियमावलीत होते. २०१७ पासून नवी नियमावली लागू आहे. उजवीकडे वळणाऱ्याने रस्त्याच्या मध्याच्या शक्य तितके जवळ यावे आणि ज्या रस्त्यात शिरावयाचे त्याच्या डाव्या अंगास जावे, हे सूत्र जुनेच आहे. कोपरा कापून उजव्या कडेने घुसणे, जे आपल्याकडील दुचाकीस्वारांस फार प्रिय, ते त्यामुळे मुळातच चूक ठरते. परंतु “मध्याच्या जवळ” या शब्दांनी कित्येकांची फसगत होते. मध्य म्हणजे बसची वाट, असे समजून ते चौकाआधीच कठड्याच्या फटीतून आत शिरतात व बसपुढे उभे राहतात. हे सर्वस्वी चूक. राखीव वाट असलेल्या रस्त्यावर आपला मध्य कठड्यापाशी संपतो. कठड्याला लागून असलेल्या उजव्या रांगेत आपण आधीपासून यावे, उजवा इंडिकेटर लावावा आणि थांबरेषेच्या आत उभे राहावे. (इंडिकेटर बिघडला असेल तर उजवा हात बाहेर आडवा सरळ धरून, तळवा पुढे करून इशारा द्यावयाचा असतो. आमच्या शिकवणीच्या काळी तो घोटून घेत असत. हल्ली तो हात कोणी काढलेला दिसत नाही.)

मग बाणाची वाट पाहावयाची. सरळ जाण्याचा हिरवा दिवा म्हणजे वळण्याची परवानगी, हे बडोद्याच्या एखाद्या लहान चौकात चालून जाते. जेथे वळणासाठी वेगळा बाण आहे तेथे ते चालत नाही. बाण तांबडा असेतो बस आपल्या हक्काने येत असते. वाहतुकीची चिन्हे पाळणे हे १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या ११९ व्या कलमाने प्रत्येक चालकावर बंधनकारक केले आहे. बाण हिरवा झाला तरी पलीकडच्या रस्त्यात आपली गाडी मावेल इतकी जागा आहे का, हे निघण्याआधी पाहावे. पलीकडे गाड्या तुंबल्या असतील आणि आपण मध्येच अडकलो, तर आपली गाडी नेमकी बसच्या वाटेवर आडवी उभी राहते, आणि तोवर बाण पुन्हा तांबडा झालेला असतो. आधी थांबलेला कधी अडकत नाही.

कित्येक चौकांत उजवे वळण बंदच ठेवलेले असते. तेथे चडफडण्यात हशील नाही. पुढे जाऊन जेथे यू टर्न घेण्यास परवानगी आहे तेथून परतावे, किंवा चौक ओलांडून पुढे लागोपाठ तीन वेळा डावीकडे वळावे. गल्ल्या सरळ असतील तर आपण इच्छित रस्त्यासच लागतो व बसची वाट सरळ, सिग्नलवर ओलांडतो. तीन डाव्यांचे एक उजवे होते, असा हा हिशेब. परतताना आम्ही हेच केले. वेळ थोडा अधिक लागला. गाडीत कोणी फारसे बोलत नव्हते.

बसच्या या वाटा सर्वत्र टिकल्या असे मात्र नाही. दिल्लीतील २००८ ची वाट २०१६ मध्ये उखडण्यात आली. भोपाळने २०२४ मध्ये तेच केले. होळकरांच्या इंदुरातील २०१३ ची वाट मोडण्याचा आदेश उच्च न्यायालयाने २०२५ मध्ये दिला. पुण्यातही नगर रस्त्यावरील काही भाग २०२३ मध्ये काढून टाकण्यात आला. कारणे अनेक सांगितली जातात, आणि त्यांतील काही खरीही असतील. तथापि जेथे मोटारी व दुचाक्या सर्रास आत घुसल्या तेथे बसचा वेग गेला, अपघात झाले, आणि मग दोष बसच्या वाटेस लागला, हे आम्हांस सरळ वाटत नाही. घुसणारे आपणच होतो की!

गावी परतल्यावर आम्ही एका रविवारी, तरुण मंडळींच्या सभेनंतर, शाळेच्या पटांगणावर चुन्याने असा रस्ता आखला. दोन मुले सायकलींवर बस झाली, बाकीच्यांनी दुचाक्या वळविल्या. पहिल्या फेरीत दहांपैकी सात जणांनी मागे वळून पाहिलेच नाही, आणि सायकलवरच्या “बस”ने आरोळी ठोकली तेव्हा एकच हशा पिकला. तिसऱ्या फेरीपर्यंत हशा थांबला. प्रत्येकाची मान उजव्या खांद्याकडे वळू लागली.

कडेला बाकावर बसलेल्या एका वृद्ध बाईंनी तेव्हा विचारले, “फादर, पोरांना गाडी वळवायला शिकवलंत ते बरं केलंत. पण माझी लेक सुरतेला रोज त्या बसने कामावर जाते. ती रस्त्याच्या मधोमध उतरते म्हणता; मग ती कडेला येते कशी?”

हा प्रश्न आम्हांस आधी सुचला नव्हता. खरोखर, बसमधून उतरणारा प्रत्येक जण अर्ध्या रस्त्यात उतरतो. स्थानकाच्या टोकाशी उतार असतो, पुढे पांढऱ्या पट्ट्यांची वाट, आणि तीवरून त्यास आधी बसचा मार्ग व मग मोटारींच्या रांगा ओलांडून कडेस यावे लागते. वळण घेऊन नव्या रस्त्यात शिरणाऱ्या गाडीच्या पुढ्यातही असेच पांढरे पट्टे असतात. बसमधून उतरून त्या बाजूस निघालेली माणसे त्यांवर असतात, आणि बाण हिरवा असला तरी पट्ट्यांवर आलेल्या माणसास आधी जाऊ देणे वळणाऱ्याचेच काम. कठड्यावरून उडी मारून मधेच रस्ता ओलांडणाऱ्यास मात्र कोणाचाच चालक वाचवू शकत नाही, हेही आम्ही त्या बाईंना सांगितले. त्यांनी ते लेकीस त्याच संध्याकाळी दूरध्वनीवरून कळविले. आम्ही पुन्हा चुना मागविला आणि वळणाच्या तोंडाशी पांढरे पट्टे आखले. पुढच्या फेरीत त्या बाई स्वतः उठून हळूहळू पट्ट्यांवरून चालू लागल्या, आणि मुलांनी दुचाक्या थांबविल्या.