विश्लेषण : पुण्यात दोन तास मोकळे आहेत? कसबा पेठेतली पायी सफर कशी असते, आणि सोनारीत तशी का नाही?

परंडा तालुक्यातल्या सोनारी, अनाळा, आसू या पट्ट्यातून पुण्याला कधीच कुणी गेले नाही, असे घर सापडणे अवघड. मुलगा स्पर्धा परीक्षेच्या तयारीसाठी पेठेत कॉट बेसिसवर राहतो, मुलीची परीक्षा असते, घरातल्या कुणाला दवाखान्यात दाखवायचे असते. सोबत आलेल्या माणसाच्या हातात मग दोन-तीन तास उरतात. त्यात दगडूशेठचे दर्शन होते, तुळशीबागेत खरेदी होते आणि स्वारगेटहून परतीची गाडी पकडली जाते. ज्या पेठेत मुलगा दोन वर्षे राहिला, तिथल्या गल्लीला ते नाव का पडले, हे मुलाला माहीत नसते आणि वडिलांनाही.

याच दोन तासांसाठी मोठ्या शहरांत माहीतगार माणसाबरोबरची पायी सफर, म्हणजे हेरिटेज वॉक, हा प्रकार रुळला आहे. त्यात नेमके काय दिसते आणि काय निसटते?

सहलीपेक्षा यात वेगळे काय?

बसने शहर दाखवणाऱ्या सहलीत ठिकाणे मोजली जातात. पायी सफरीत अंतर कमी असते, साधारण अडीच-तीन किलोमीटर, आणि बहुतेक वेळ चालण्यापेक्षा थांबण्यात जातो. देशात या प्रकाराला आकार आला तो अहमदाबादेत. तिथल्या महापालिकेने १९ नोव्हेंबर १९९७ रोजी काळुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंत चालत जाणारी सफर सुरू केली. ती जाते ‘पोळ’ नावाच्या दाट वस्तीच्या गल्ल्यांतून. लाकडी कोरीव घरे, पक्ष्यांसाठीचे चबुतरे, एकातून दुसऱ्या गल्लीत काढणाऱ्या चोरवाटा असे सारे त्या वाटेवर आहे. २०१७ मध्ये अहमदाबाद युनेस्कोच्या यादीतले देशातले पहिले जागतिक वारसा शहर ठरले. केवळ सफरीमुळे हे घडले नाही. तरी आपल्या गल्लीत बघण्यासारखे काही आहे, हे वीस वर्षे रोज सकाळी लोकांसमोर येत राहिले, हेही कमी नाही.

पुण्यात महापालिका आणि ‘जनवाणी’ या संस्थेने शनिवारवाडा ते विश्रामबागवाडा अशी वाट आखली. ‘इन्टॅक’चे पुणे केंद्र आणि इतिहासाचे अभ्यासकही वेगवेगळ्या वाटांनी लोकांना नेतात.

सुरुवात कसब्यातूनच का?

कसबे पुणे हीच मूळ वस्ती. बाकीच्या बहुतेक पेठा नंतर बसल्या. शनिवारवाड्याचा पाया १७३० मध्ये घातला गेला आणि वास्तुशांत १७३२ मध्ये झाली. त्याच्या कितीतरी आधी कसब्यात लोक नांदत होते. शहराचे ग्रामदैवत कसबा गणपतीही इथेच.

बहुतेक जण सुरुवातीला शनिवारवाडा आणि लाल महालासमोर फोटो काढतात. दोन्हीकडे एक गोष्ट आधीच सांगितलेली बरी. शनिवारवाड्यातला महाल १८२८ च्या आगीत गेला. आज उभे आहेत ते तट, दरवाजे आणि जोती. लाल महालाची आजची इमारतही शहाजीराजांच्या काळातली नाही, ती महापालिकेने गेल्या शतकात बांधली. शायिस्तेखानावरचा १६६३ चा छापा या जागेचा आहे, या भिंतींचा नाही. चांगला वाटाड्या हे पहिल्या पाच मिनिटांत सांगून टाकतो. जो सांगत नाही, त्याच्या पुढच्या गोष्टी जरा जपूनच ऐकाव्यात.

त्यामुळे दोन तास असतील तर इथे वीस मिनिटांपेक्षा जास्त थांबू नये. खरी पेठ पुढे आहे आणि ती नावांमधून सुरू होते. शिंपी आळी, बुरूड आळी, कुंभारवाडा, तांबट आळी. कपडे शिवणारे, बांबूच्या टोपल्या-सुपे विणणारे, मडकी घडवणारे आणि तांब्याची भांडी करणारे एकमेकांपासून चालत जाण्याच्या अंतरावर राहत. ज्यांच्या हातांवर शहर चालत होते, त्यांचे पत्ते म्हणजे ही नावे.

साततोटी हे नाव कशाचे?

पेठेत साततोटी नावाचा चौक आहे. नावातच सात तोट्या आहेत. जवळच फडके हौद चौक आहे. पुढे शहरात काळा हौद, बदामी हौद, सदाशिव हौद अशी नावे लागत जातात. आज त्या ठिकाणी गाड्यांची गर्दी दिसते, पण ही सगळी नावे पाण्याची आहेत.

नानासाहेब पेशव्यांच्या काळात, अठराव्या शतकाच्या मध्यावर, कात्रजला तलाव बांधून तिथले पाणी शहरात आणले गेले. अंतर सुमारे दहा किलोमीटर. पंप नव्हता, वीज नव्हती. जमिनीखाली बांधीव नळ काढून त्याला सतत हलका उतार ठेवला, एवढ्यावर पाणी शनिवारवाड्याच्या कारंज्यांपर्यंत आणि रस्त्यावरच्या हौदांपर्यंत पोहोचत होते. उतार जास्त झाला तर वेगाने नळ खराब होतो, कमी झाला तर गाळ बसतो. दहा किलोमीटरभर तो सांभाळणे आजच्या लेव्हल मशीनलाही सोपे काम नाही. वाटेत ठिकठिकाणी उच्छ्वास बांधले होते. नळात कोंडलेली हवा त्यातून बाहेर पडायची आणि सफाईसाठी आत पाहताही यायचे. पाण्याच्या टँकरची वाट पाहत उन्हाळा काढलेल्या धाराशिवच्या माणसाला हा भाग शनिवारवाड्यापेक्षा जास्त भिडेल.

२०१९ मध्ये स्वारगेटला मेट्रोचे खोदकाम सुरू असताना एक जुना भूमिगत जलमार्ग सापडला, तेव्हा जमिनीखालचे हे पुणे काही दिवस बातम्यांत आले होते.

तांबट आळीत काय दिसते?

इथे आधी ऐकू येते, मग दिसते. ठक-ठक-ठक असा हातोडीचा ठेका. पेशवाईत कोकणातून आलेल्या त्वष्टा कासार समाजाची ही वस्ती. बंब, घंगाळ, हंडा, कळशी, तपेली ही त्यांची कामे.

तांब्याच्या पत्र्याला ठोकून आकार दिला, की तो धातू कडक होत जातो. आणखी ठोकला तर तडकतो. म्हणून मधूनमधून भांडे भट्टीत तापवून पुन्हा मऊ करावे लागते आणि मग पुढचे ठोके. शेवटी येते मठारकाम. गुळगुळीत हातोडीने एकाला एक लागून बसवलेले छोटे, चकचकीत खळगे. पाहणाऱ्याला ती नक्षी वाटते. प्रत्यक्षात त्या खळग्यांमुळे पातळ पत्र्याला ताठपणा येतो. ठोका जरा वाकडा पडला तर ओळ बिघडते आणि ती लपवता येत नाही. कारागीर मोजपट्टी हातात घेत नाही. त्याचे मोजमाप कानात असते, कारण जिथे पत्रा नीट बसलेला नाही तिथे आवाज बदलतो.

या कामाची गाठ पडली ती स्टीलशी आणि गीझरशी. स्टीलच्या भांड्याला कल्हई लागत नाही, ते चिंचेने घासावे लागत नाही. गीझर आल्यावर बंब माळ्यावर गेला आणि तिथून मोडीत. आळीतली पुढची पिढी नोकरीकडे वळली. अलीकडे काही डिझायनर आणि संस्थांनी इथल्या कारागिरांबरोबर दिवे, जग, ताटे अशा नव्या वस्तू करून घेतल्या, त्याला शहरी ग्राहकही मिळाला. पण लग्नाच्या रुखवतातला हंडा आणि शोरूममधला दिवा यांच्या खपात फरक आहे.

पायी सफरीचा खरा कस इथे लागतो. पंचवीस माणसे अरुंद आळीत घुसतात, मोबाइल वर करतात, कारागिराला ‘जरा पुन्हा ठोका ना’ म्हणतात आणि पुढे जातात. त्याचा ठेका मोडतो आणि हातात काहीच पडत नाही. याउलट गट दहाचा असेल, वाटाड्याने आधी विचारलेले असेल, बोलण्याचे काम कारागिराकडेच दिले असेल आणि त्या वेळेचे पैसे ठरलेले असतील, तर त्याच वीस मिनिटांना वेगळा अर्थ येतो. म्हणून सफर निवडताना एक प्रश्न जरूर विचारावा. आळीत गेल्यावर कोण बोलणार, वाटाड्या की तांबट?

वारसा वास्तूंच्या यादीत वाडे, मंदिरे, दरवाजे असतात. तांबटाचे दुकान बंद झाले तर त्या यादीतली एकही ओळ कमी होत नाही.

पुढे मंडई, आणि एक रिकामी जागा

इथून पुढे गेले की भाऊसाहेबांच्या आणि रावसाहेबांच्या पुण्याबरोबर दुसरे पुणेही लागते. बुधवार पेठेत दगडूशेठ गणपतीसमोर भिडे वाडा होता. जोतिराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८४८ मध्ये मुलींची शाळा काढली ती इथे. जीर्ण झालेला तो वाडा न्यायालयातल्या दीर्घ वादानंतर डिसेंबर २०२३ मध्ये स्मारकासाठी पाडण्यात आला. अनेक वर्षे वाटाडे पडक्या जिन्याकडे बोट दाखवत, नंतर ते मोकळ्या जागेकडे दाखवू लागले. दगडूशेठच्या रांगेत उभे राहिलेल्यांपैकी किती जणांनी त्या वाड्याकडे मान वळवून पाहिले असेल, कोण जाणे.

मंडईची गोष्टही फुल्यांपाशी येते. आठ बाजूंना पसरलेली ही दगडी इमारत १८८६ मध्ये खुली झाली, तेव्हा नाव होते रे मार्केट. जोतिराव नगरपालिकेचे सदस्य असताना त्यांनी या खर्चाला विरोध केला होता. हा पैसा गरिबांच्या शिक्षणावर लावावा, असे त्यांचे म्हणणे होते. पुढे त्याच इमारतीला त्यांचे नाव मिळाले.

तुळशीबागेत राममंदिर आहे, हे तिथल्या दुकानांच्या गर्दीत विसरायला होते. नारो आप्पाजी खिरे यांनी ते १७६१ मध्ये बांधायला घेतले. भोवतीच्या बोळांत भांड्यांची दुकाने आहेत. तांबट आळी पाहून आलेला माणूस इथे तांब्याच्या भांड्यावर बोट फिरवतो आणि ठोका हाताचा की मशीनचा, हे पाहू लागतो. सफर संपते ती १८०७ च्या विश्रामबागवाड्यापाशी.

जायचे कसे, कधी?

स्वारगेटला उतरणाऱ्यांसाठी आता सोपे आहे. सप्टेंबर २०२४ पासून स्वारगेट, मंडई, कसबा पेठ हा भुयारी मेट्रो मार्ग सुरू आहे. कसबा पेठ स्थानकाला उतरून मंडईपर्यंत चालत यायचे आणि तिथून मेट्रोने परत. पिशव्या स्वारगेटला ठेवल्या तर उत्तम. या बोळांतून बॅग ओढत नेणे हा वेगळाच व्यायाम आहे.

आयोजित सफरी बहुधा सुटीच्या दिवशी सकाळी असतात. रस्ते मोकळे मिळतात, पण नेमकी त्या वेळी दुकानांची शटर खाली असण्याची शक्यता असते. हातोडी ऐकायची असेल तर कामाच्या दिवशी, दहानंतर जावे. घरांच्या ओसरीवर, वाड्याच्या चौकात शिरण्याआधी विचारावे. ती माणसांची घरे आहेत आणि आत कुणाचा तरी स्वयंपाक चालू असतो.

मग सोनारीत काय?

सोनारीला येणारा भाविकही पुण्यात जाणाऱ्या पाहुण्यासारखाच वागतो. काळभैरवनाथाचे दर्शन घेतो, नारळ फोडतो, माकडांना काहीतरी खायला देतो आणि गाडीत बसतो. भैरवनाथ कुलदैवत असलेली घराणी लांबून येतात, पण गावात त्यांचा मुक्काम तासाभराचा. चैत्रातल्या यात्रेत रथासाठी गाव भरून जाते, तेव्हा तर गाव दिसतच नाही, गर्दी दिसते.

यात्रा नसलेल्या एखाद्या साध्या दिवशी दीड तासाची वाट इथे सहज बसेल. रथाचे चाक दुरुस्त करणारा सुतार, कोणत्या घराकडे आणि कोणत्या गावाकडे कशाचा मान आहे हे तोंडपाठ असलेले म्हातारे, माकडांबरोबर राहायचे म्हणून दारे-खिडक्या आणि वाळवणे कशी सांभाळायची हे सांगणाऱ्या बायका, एवढे चार थांबे पुरेत. बोलणार तेच, आणि पाहुण्याकडून घेतलेल्या पैशातला वाटाही त्यांचाच.

परंड्याचा भुईकोट किल्ला जोडला तर अर्धा दिवस भरतो. विजापूरला पर्यटक जिच्यावर हात ठेवून फोटो काढतात, ती सुमारे ५५ टनांची मुलुख-ए-मैदान तोफ १६३२ मध्ये तिकडे नेण्यापूर्वी परंड्यातच होती. तांबे आणि कथील यांच्या मिश्रधातूची ती तोफ १५४९ मध्ये अहमदनगरला ओतली गेली. बंबाला लागते ते तांबे आणि कल्हईला लागते ते कथील, दोन्ही धातू तेच. एवढ्या वजनाचा हा ऐवज इथल्या किल्ल्यात होता, हे विजापूरचा वाटाडा सांगतो. परंड्यात ते सांगायला अजून कुणी ठेवलेले नाही.

सोनारीत चालायला निघाल्यावर एक काळजी मात्र घ्यावी लागेल. खोबऱ्याची पिशवी हातात उघडी धरू नये.