विसरलेलं तिसरं नाव

फेब्रुवारी 2022मध्ये डेबियन या लिनक्स वितरणाने रेडिस नावाच्या सॉफ्टवेअरसाठी तातडीची दुरुस्ती जाहीर केली. सुरक्षेतल्या त्रुटीची तीव्रता दहापैकी गुणांत मोजतात. या त्रुटीला पूर्ण 10 गुण मिळाले. रेडिसच्या मूळ कोडमध्ये मात्र ती नव्हतीच. डेबियनसाठी पॅकेज बांधताना ती शिरली, आणि तीही एका चांगल्या सवयीच्या वाटेने. ही वाट समजून घ्यायची तर आधी लुआ या प्रोग्रामिंग भाषेची ओळख हवी.

लुआ म्हणजे पोर्तुगीजमध्ये चंद्र. रिओ द जानेरोच्या कॅथलिक विद्यापीठात 1993 साली रोबेर्तो येरुझालिम्स्की, लुईझ एन्रिके द फिगेरेदो आणि वाल्देमार सेलेस या तिघांनी ही भाषा घडवली. त्याआधीची अनेक वर्षं ब्राझीलमध्ये परदेशी संगणक आणि सॉफ्टवेअरवर कडक निर्बंध होते, त्यामुळे लागेल ते घरीच बनवायचं ही तिथल्या तंत्रज्ञांची सवय. पेट्रोब्रास या तेल कंपनीच्या कामासाठी या मंडळींनी आधी दोन छोट्या भाषा केल्या होत्या. त्यांतल्या एकीचं नाव सोल, म्हणजे सूर्य. म्हणून पुढचीचं नाव चंद्र.

लुआ एकटी राहण्यासाठी जन्मलेली नाही. ती दुसऱ्या प्रोग्रामच्या पोटात राहते. नेटवर्क तपासणारं एनमॅप, फोटोंचं लाइटरूम, असंख्य व्हिडिओ गेम, अशा घरांत तिचा इंटरप्रिटर बसलेला असतो आणि आपण लिहिलेल्या सूचना वाचून तिथल्या तिथे अमलात आणतो. तिचा सगळा कोड सी भाषेतल्या सुमारे 30 हजार ओळींचा. इतक्या लहान जिवाला सगळं कसं येणार? म्हणून बाहेरून मदत घेण्याची सोय ठेवली आहे.

कोकणातल्या अनेक वाड्यांमध्ये लग्नकार्याची मोठी भांडी वाडीच्या मालकीची असतात. टोप, पराती, झारे एका जागी ठेवलेले. ज्याच्याकडे कार्य असेल त्याने न्यावेत. शेअर्ड लायब्ररी म्हणजे अशी सामाईक भांडी. तयार सी कोडची एक फाइल डिस्कवर असते, आणि गरज पडेल तो प्रोग्राम चालू असतानाच ती मेमरीत ओढून घेतो. लुआमध्ये यासाठी ‘रिक्वायर’ असा शब्द आहे. समजा, ‘सीजेसन’ हे मॉड्यूल, म्हणजे असाच एक बाहेरचा तुकडा, मागितलं. ते आधीच आलेलं असेल तर तेच परत मिळतं. नसेल तर लुआ आपल्याकडची पत्त्यांची यादी काढते. बहुतेक पत्त्यांत एक प्रश्नचिन्ह असतं. त्या जागी मॉड्यूलचं नाव घालून ती एकेक दार ठोठावते. फाइल सापडली की ती मेमरीत चढवायचं काम ऑपरेटिंग सिस्टीम करते. मग लुआ त्या फाइलमध्ये ‘लुआओपन’ने सुरू होणारं आणि मॉड्यूलच्या नावाने संपणारं फंक्शन शोधून चालवते. झाली ओळख.

खरी गुंतागुंत यापुढे आहे. मॉड्यूल लुआशी बोलणार कसं? लुआची फंक्शनं त्याच्याकडे नसतात, ती यजमान प्रोग्रामात असतात. आचारी झारा घेऊन येतो, चूल यजमानाची. लिनक्सवरचा प्रोग्राम मात्र आपली फंक्शनं बाहेरच्या फाइलला आपणहून दाखवत नाही; बांधतानाच तशी सूचना द्यावी लागते. ती राहिली की मॉड्यूल चढतं न चढतं तोच ‘हे नाव कुठेच सापडत नाही’ असा निरोप येतो. घाईतला माणूस यावर सोपा वाटणारा उपाय करतो: मॉड्यूलमध्येच लुआची आणखी एक प्रत बांधून टाकतो. निरोप नाहीसा होतो, पण आता घरात दोन चुली पेटलेल्या असतात.

या उपायाने माझी एक अख्खी रात्र खाल्ली आहे, म्हणून त्यात काय बिघडतं ते नीट सांगतो. लुआ सगळी माहिती टेबलांमध्ये ठेवते. रिकाम्या टेबलापायी जागा वाया जाऊ नये म्हणून लुआ 5.1 मध्ये सगळी रिकामी टेबलं एकाच ठरावीक पत्त्याकडे बोट दाखवतात. टेबल मोडीत काढताना लुआ फक्त बघते, की बोट त्या पत्त्याकडे आहे का? असेल तर मोकळं करण्यासारखं काही नाही. पण लुआच्या प्रती दोन झाल्या की ते ठरावीक पत्तेही दोन होतात. एकीने केलेलं रिकामं टेबल दुसरीच्या हाती पडलं की तिला तो पत्ता अनोळखी वाटतो. कधीच मागून न घेतलेली मेमरी ती परत करू पाहते आणि सगळा प्रोग्राम कोसळतो, तोही चुकीच्या जागेपासून खूप दूर, भलत्याच ओळीवर. 2011च्या 5.2 आवृत्तीत अशा दोन प्रती ओळखून तिथेच थांबवणारी तपासणी आली. ती आणणाऱ्यांचे आभार मानावेत तेवढे थोडे.

आता रेडिस. साल्वातोरे सानफिलिपो यांनी 2009मध्ये सुरू केलेला हा डेटाबेस सगळी माहिती मेमरीत ठेवतो, म्हणून वेगवान. 2012च्या 2.6 आवृत्तीपासून त्यात लुआ आहे: आपण स्क्रिप्ट पाठवायची, सर्व्हरने ती चालवायची. परक्याची स्क्रिप्ट आपल्या घरात चालणार म्हटल्यावर पहारा आलाच. मूळ रेडिस लुआची प्रत स्वतःच्याच पोटात बांधतं. फाइली हाताळणारी ‘आयओ’ लायब्ररी आणि मॉड्यूल चढवणारी ‘पॅकेज’ लायब्ररी ते स्क्रिप्टच्या जगात आणतच नाही.

डेबियनची रीत वेगळी. एकाच लायब्ररीच्या दहा प्रती दहा प्रोग्रामांत पुरलेल्या असण्यापेक्षा एक सामाईक प्रत बरी, म्हणजे भोक सापडलं तर एकदाच बुजवता येतं. ही रीत मला आजही योग्य वाटते. तिला धरून डेबियनच्या रेडिसने सिस्टीममधली सामाईक लुआ वापरली, आणि सीजेसनसारखी मॉड्यूलंही बाहेरूनच घेतली. पण बाहेरून घ्यायची तर ‘रिक्वायर’ हवं, आणि त्यासाठी ‘पॅकेज’ लायब्ररी उघडणं भाग होतं. मदतनीस आत आल्यावर दार लावायचं म्हणून ‘मॉड्यूल’ आणि ‘रिक्वायर’ ही दोन नावं पुसली. ‘पॅकेज’ हे तिसरं नाव तसंच राहिलं.

त्या नावाखाली ‘लोडलिब’ नावाचं फंक्शन असतं. त्याला फाइलचा पत्ता आणि आतल्या फंक्शनचं नाव दिलं की ते फंक्शन हातात मिळतं. ब्राझीलचेच सुरक्षा संशोधक रेजिनाल्दो सिल्वा यांच्या हे लक्षात आलं. ज्या लुआच्या फाइलवर रेडिस चालत होतं, तिचाच पत्ता ‘लोडलिब’ला द्यायचा आणि आतून ‘आयओ’ उघडणारं फंक्शन मागायचं. दारातून मुद्दाम बाहेर ठेवलेली लायब्ररी घरातल्याच फाइलमध्ये पडून होती. ‘आयओ’ मिळालं की सर्व्हरवर हवी ती आज्ञा चालवता येते. मार्च 2022मध्ये मुश्टिक नावाचं बॉटनेट, म्हणजे ताब्यात घेतलेल्या संगणकांचं जाळं, याच वाटेने लोकांच्या सर्व्हरमध्ये शिरत होतं.

भाषेचा पहारा त्या भाषेत लिहिलेल्या ओळींपुरताच असतो. सी कोडची फाइल एकदा मेमरीत चढली की तिला यजमानाचे सगळे अधिकार मिळतात, मग इंटरप्रिटरने कितीही बंधनं घालू देत. लुआच्या 5.4 आवृत्तीची माहितीपुस्तिकाही ‘लोडलिब’ मुळातच असुरक्षित असल्याचं स्पष्ट सांगते. म्हणून हे साधन आधी आत आणून मग त्याची नावं पुसत बसण्यापेक्षा मूळ रेडिसप्रमाणे ते आणूच नये, असं माझं ठाम मत आहे. नावं पुसणाऱ्याला प्रत्येक नाव आठवावं लागतं. शोधणाऱ्याला राहिलेलं एकच पुरतं.

डेबियनच्या दुरुस्तीत, जिथे दोन नावं पुसली जात होती, तिथे आता तीन पुसली जातात.