घरातल्या चित्रपटांच्या डिस्क कॉम्प्युटरवर का चालत नाहीत?

गुहागर तालुक्यात, वेळणेश्वरच्या आसपासच्या गावांतून, आपल्या बऱ्याच घरांतली माणसे आखाती देशांत नोकरीला आहेत. सुट्टीवर येताना पूर्वी डीव्हीडी, पुढे ब्लू-रे डिस्क बॅगेतून यायच्या. आता प्लेअर बिघडले आणि डिस्क कपाटात पडून आहेत. कॉम्प्युटरला ड्राइव्ह जोडून डिस्क घातली तर चित्र येत नाही. मग ‘खराब झाली’ म्हणून ती फेकली जाते. खरे तर पुष्कळ वेळा डिस्क चांगली असते, तिला फक्त कुलूप असते.

पहिली अडचण विभागाची. डीव्हीडीसाठी जगाचे विभाग पाडले आहेत. भारत ५ मध्ये येतो, आखाती देश २ मध्ये. त्यामुळे दुबईत घेतलेली डिस्क इथल्या प्लेअरवर अडू शकते. कॉम्प्युटरच्या ड्राइव्हमध्ये विभाग साधारण पाचच वेळा बदलता येतो, नंतर तो कायमचा ठरतो.

दुसरी अडचण कुलपाची. डीव्हीडीवरच्या कुलपाचे नाव सीएसएस. त्याची चावी फक्त ४० बिटची, म्हणजे अगदी लहान. १९९९ मध्ये ते उघडणारा प्रोग्राम बाहेर आला. त्यात सहभागी असलेल्या योन लेक योहानसन या नॉर्वेच्या मुलावर खटला झाला, पण २००३ मध्ये कोर्टाने त्याला निर्दोष सोडले. आज व्हीएलसीसारखा मोफत प्लेअर डीव्हीडीची चावी स्वतःच शोधून काढतो.

ब्लू-रेचे तसे नाही. तिचे कुलूप एएसीएस, चावी १२८ बिटची. अंदाजाने ती सापडणे अशक्यच. इथे चाव्यांची साखळी असते. अधिकृत प्लेअरला कंपनीकडून चाव्या मिळालेल्या असतात. डिस्कवर एक माहितीचा गठ्ठा असतो, त्यावर प्लेअरची चावी चालवली की मधली चावी मिळते. ती आणि डिस्कचा गुप्त क्रमांक मिळून त्या डिस्कची खास चावी तयार होते. तिने आणखी एक चावी उघडते आणि शेवटी चित्रपट दिसतो. एखाद्या प्लेअरची चावी फुटली, तर नव्या डिस्कवरचा गठ्ठा बदलतात. मग फुटलेली चावी नव्या डिस्कला लागत नाही.

व्हीएलसीकडे अशी अधिकृत चावी नसते. म्हणून तो चाव्यांची यादी वापरतो. आपल्या शाळेतले जनरल रजिस्टर आठवा: नंबर काढला की त्यापुढे मुलाची नोंद. तसेच इथे डिस्कच्या एका फाइलवरून तिचा ओळख क्रमांक काढला जातो आणि यादीत त्यापुढे लिहिलेली खास चावी उचलली जाते. साखळीच्या सुरुवातीच्या पायऱ्या चढाव्याच लागत नाहीत. पण यादीत नोंद नसेल तर डिस्क उघडत नाही. त्याच चित्रपटाची दुसरी आवृत्ती असेल तर चावीही वेगळी असू शकते. म्हणून शेजाऱ्याकडे चालले आणि आपल्याकडे नाही, असे होते.

ही यादी व्हीएलसीसोबत येत नाही. ती साधी मजकुराची फाइल असते. ‘चावी’ म्हणून कोणी इन्स्टॉल करायचा प्रोग्राम दिला, तर सावध राहा, त्यात व्हायरस असू शकतो.

कायद्याचेही बघू. आपल्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली कलम ६५अ आले. हक्कभंग करण्याच्या हेतूने असे कुलूप तोडले तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. म्हणजे हेतूला महत्त्व आहे. चित्रपट उतरवून त्याच्या प्रती विकणे किंवा ग्रुपवर वाटणे गुन्हा आहे. आणि दुसऱ्याच्या मेहनतीचा माल परवानगीशिवाय वाटणे दीनच्या दृष्टीनेही अमानतीत खयानतच. मुलांना हे घरातच सांगितले पाहिजे.

एक गोष्ट मात्र लगेच करण्यासारखी आहे. निकाहची, हजला निघतानाची, घरच्या बुजुर्गांची शूटिंग ज्या डिस्कवर आहे, तिला सहसा कुठलेच कुलूप नसते. चावी, यादी काही लागत नाही. पण या घरी भरलेल्या डिस्क उष्ण, दमट हवेत लवकर खराब होतात आणि आपली हवा तर समुद्राची. चित्रपट पुन्हा विकत मिळेल, दादीचा आवाज मिळणार नाही. ड्राइव्ह असलेला कॉम्प्युटर मिळाला की आधी या डिस्क हार्ड डिस्कवर उतरवा आणि एक प्रत दुसऱ्या घरी ठेवा.