नाव एक, कागद चार



चारकोप हे नाव आता आपल्याकडच्या घराघरांत ओळखीचे झाले आहे. कांदिवली स्टेशनच्या पश्चिमेला उतरायचे, रिक्षावाल्याला सेक्टरचा नंबर सांगायचा, की आपल्या भागातल्या कुणाच्या ना कुणाच्या दारात माणूस पोचतो. कुणाचा मुलगा तिथून कंपनीत जातो, कुणाचा जावई रिक्षा चालवतो, कुणाची पुतणी इस्पितळात परिचारिका आहे. कामानिमित्त आम्ही मुंबईस गेलो की एखादा मुक्काम तिकडे होतोच. मागच्या खेपेस मात्र बोलणे उसाच्या दरावर न थांबता सरकारी ओळखपत्रांवर गेले. विषय रुक्ष खरा, पण ऐकता ऐकता आमच्या ध्यानात आले, की आपल्या कित्येक सभासदांचे हक्काचे पैसे आणि हक्काची जागा या कागदांपायीच अडून राहिली आहे. म्हणून हा लेखनप्रपंच.

आधी चारकोपविषयी थोडे. ही वस्ती आपोआप वाढलेली नव्हे. जागतिक बँकेच्या कर्जातून १९८५ च्या सुमारास मुंबई नागरी विकास प्रकल्प सुरू झाला, त्यात म्हाडाने चारकोप, गोराई वगैरे ठिकाणी लहान लहान भूखंड पाडले. रस्ता, पाणी, गटार शासनाने द्यायचे आणि घर ज्याचे त्याने ऐपतीप्रमाणे उभे करायचे, अशी ती योजना. कुणी आधी पत्रे टाकले, मग भिंती उचलल्या, पुढे वरचा मजला चढवला. भूखंडधारकांच्या गटागटांच्या सहकारी गृहनिर्माण संस्था झाल्या. म्हणजे आपल्यासारखेच: भागदाखला, सभासद नोंदवही, वार्षिक सभा आणि सभेत होणारी भांडणेसुद्धा!

असा भूखंड असो की आजची म्हाडाची सोडत, दारातच प्रश्न उभा राहतो, तू कोण आणि कुठला? सोडतीच्या अर्जाला आज आधार, पॅन, उत्पन्नाचा पुरावा लागतो आणि महाराष्ट्रात किमान १५ वर्षे राहिल्याचा अधिवास दाखला लागतो. पंधरा वर्षे राहिलेला माणूस पुष्कळ सापडेल. पंधरा वर्षे राहिल्याचे कागदावर दाखवू शकणारा त्या मानाने थोडाच.

मुंबईने हा धडा फार पूर्वी गिरवला आहे. जानेवारी १९७६ मध्ये शासनाने मुंबईतल्या झोपड्यांची शिरगणती केली आणि नोंद झालेल्या कुटुंबांना ओळखपत्रे दिली. लोक त्याला 'फोटोपास' म्हणू लागले. तेव्हा पुष्कळांना वाटले, हा कसला कागद, उद्या झोपडी पाडायला येतील तेव्हा हाच दाखवून पाडतील. झाले उलटेच. पदपथावरच्या आणि झोपडपट्टीतल्या रहिवाशांचा जो गाजलेला ओल्गा टेलिस खटला, त्याचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने जुलै १९८५ मध्ये दिला. ज्यांना १९७६ च्या शिरगणतीची ओळखपत्रे मिळाली आहेत त्यांना पर्यायी जागा द्याव्यात, असे त्यात सांगितले. शेजारी शेजारी राहणारी दोन कुटुंबे, सारख्याच हालात काढलेली वर्षे, पण एकाच्या पत्र्याच्या पेटीत तो पास होता आणि दुसऱ्याच्या नव्हता. पुढे पुनर्वसनासाठी आधी १ जानेवारी १९९५ आणि नंतर १ जानेवारी २००० या तारखा आल्या, तेव्हाही जुन्या मतदार याद्या चाळत माणसे फिरली. यादीत बापाचे नाव सापडले तर घर, नाही तर वणवण.

आता गावाकडून नवा मुलगा चारकोपात उतरला तर त्याचे काय होते ते पाहा. भाड्याच्या खोलीला करार हवा, कराराला ओळखपत्र हवे. बँकेत खाते काढायला पत्त्याचा पुरावा हवा, पत्त्याचा पुरावा म्हणून तो करार हवा. मोबाईलच्या सिमकार्डाला आधार, आणि आधारातला पत्ता बदलायला पुन्हा पुरावा. कोंबडी आधी की अंडं आधी, अशी गत. बोरीवलीचे आरटीओ कार्यालय चारकोपातच आहे. एमएच-४७ नंबरच्या गाड्यांची नोंदणी तिथली. रिक्षाचा परवाना आणि बॅज मिळवू पाहणारी आपल्याकडची मुले तिथे रांगेत भेटतात. गाडी चालवायला हात तयार असतो, पण पंधरा वर्षांच्या वास्तव्याचा पुरावा काढायला शाळेचा दाखला गावी राहिलेला असतो, आणि मग एका कागदासाठी रात्रीच्या एसटीने गाव गाठावे लागते.

शाळेच्या दाखल्यावरून जन्मतारखेचे आठवले. आपल्या पिढीतल्या किती जणांचा जन्म १ जूनचा आहे? जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदा १९६९ चा. त्याआधी आणि त्यानंतरही कितीतरी वर्षे, पोराला शाळेत घालताना गुरुजी विचारायचे, "कधी झाला?" आई सांगायची, "मोठा पाऊस झाला त्या साली." गुरुजी १ जून टाकून मोकळे. त्यात हसण्यासारखे काही नाही, आमच्यापैकी काहींची तीच तारीख आहे. पण पुढे आधार काढताना दुसऱ्याच कुणी अंदाजाने भलतेच साल सांगितले आणि एका माणसाची दोन वये झाली.

दोन वयांनी काय बिघडते, असे कुणी म्हणेल. त्याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाच्या ऑक्टोबर २०२४ च्या निकालात आहे. हरियाणातला एक माणूस २०१५ मध्ये अपघातात गेला. त्याच्या कुटुंबाने भरपाई मागितली. अशा दाव्यात मयताच्या वार्षिक उत्पन्नाला वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्याने गुणतात. वय ४५ पर्यंत असेल तर १४ ने, त्यापुढे ५० पर्यंत १३ ने. आधारकार्डाप्रमाणे त्याचे वय ४७ भरत होते, शाळा सोडल्याच्या दाखल्याप्रमाणे ४५. उच्च न्यायालयाने आधार धरले. सर्वोच्च न्यायालयाने मात्र आधार हा ओळखीचा पुरावा आहे, जन्मतारखेचा नव्हे, असे म्हणून शाळेचा दाखला धरला. निकाल कुटुंबाच्या बाजूने लागला, पण अपघात होऊन नऊ वर्षे उलटून गेली होती.

तारखेपेक्षाही नावाचा घोळ मोठा, आणि त्यात भरडल्या जातात त्या आपल्या भगिनी. चारकोपात आम्हाला एका बाईंची हकिकत कळली. शाळेच्या दाखल्यावर माहेरचे नाव. लग्नात ताटातल्या तांदळात सासरचे नवे नाव लिहिले गेले, ते रेशनकार्डावर चढले. मतदार यादीत त्याच नावाला 'बाई' जोडले गेले. आधार काढताना केंद्रावरच्या मुलाने ऐकू आले तसे टाइप केले. यजमान अचानक गेले. घर संस्थेत त्यांच्या एकट्याच्या नावावर, नामनिर्देशनाचा अर्ज कोरा. बँकेतले खाते, भविष्य निर्वाह निधी, गावाकडचा भाग, सगळीकडे बाईंना एकच प्रश्न: या चार नावांची बाई एकच आहे कशावरून? वीस वर्षे ज्या संस्थेच्या चौकात त्यांनी हळदीकुंकू केले, तिथल्या सगळ्या बाया साक्षीला तयार होत्या. पण साक्षीने टेबलावरचा कागद हलत नाही. विवाह नोंदणी केलेली नव्हती. प्रतिज्ञापत्र, राजपत्रात नावबदल, वारसदाखला, असे करीत वर्ष गेले. त्या वर्षात मुलाची फी कुणी भरली, ते त्यांनी सांगितले नाही आणि आम्हीही विचारले नाही.

या बाईंचे आम्हाला विशेष वाटले ते एवढ्यासाठी, की त्यांच्याकडे कागद नव्हते असे नाही. कागद होते, पण ते एकमेकांना ओळखत नव्हते.

आपल्या गावाकडे तरी निराळे काय आहे? सातबारा काढून पाहा. बाप गेला तेव्हा मुलगा सात वर्षांचा, म्हणून नावापुढे 'अ. पा. क. आई' असा शेरा लागला, म्हणजे अज्ञान, पालनकर्ती आई. तो मुलगा आज नातवंडे खेळवतो आहे आणि उताऱ्यावर अजून अज्ञानच! कर्ज काढायची वेळ येईपर्यंत कुणाला पत्ता नसतो. 'ए. कु. मॅ.' म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर, या शेऱ्याचीही तीच कथा. थोरल्या भावाचे नाव लागले ते लागले, बाकीचे भाऊ कागदावर नाहीतच. अठरा वर्षे पूर्ण झाली की हा शेरा आपोआप जात नाही, तलाठ्याकडे अर्ज करावा लागतो. आता ई-हक्क प्रणालीवर तो घरबसल्या करता येतो. त्यातच शेतकरी ओळख क्रमांक आला. कृषी योजनांच्या लाभासाठी राज्याने १५ एप्रिल २०२५ पासून तो सक्तीचा केला आहे, आणि त्यासाठी आधारावरचे नाव आणि उताऱ्यावरचे नाव जुळावे लागते. उताऱ्यावर 'भ्र.' लावून नवऱ्याचे नाव जोडलेल्या, आडनाव नसलेल्या आयाबहिणींची तिथे किती ओढाताण होते, हे सेवा केंद्रावर अर्धा तास बसले तरी दिसेल.

आधारची सुरुवात आपल्याच राज्यात झाली. नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली गावी २९ सप्टेंबर २०१० रोजी देशातले पहिले क्रमांक दिले गेले. त्याने सोय झाली हे नाकारण्यात अर्थ नाही. पूर्वी ज्याच्याकडे घर, जमीन, शाळा यांपैकी काहीच नव्हते, त्याला कुठलेच ओळखपत्र मिळत नसे. पण अंगठ्यावर सगळे टांगले, की ज्याचे अंगठे कोयत्याने घासलेत त्याचे काय? आपल्या गळीत हंगामात ऊस तोडणाऱ्या माणसाची बोटे पाहिलीत ना? रेषा उरत नाहीत. यंत्र म्हणते, हा माणूस तो नव्हे. अशा वेळी डोळ्यांच्या बुबुळावरून ओळख पटवण्याची तरतूद आहे, ती आपण आग्रहाने मागितली पाहिजे. रेशन आता दुसऱ्या गावी, दुसऱ्या राज्यातही उचलता येते, म्हणजे सहा महिने घर सोडणाऱ्या टोळीला त्याचा उपयोग आहे. २०२१ मध्ये राज्य शासनाने ग्रामसेवकांमार्फत ऊसतोड कामगारांची नोंद करून त्यांना ओळखपत्रे देण्याचे ठरवले. आपल्या फडात येणाऱ्या टोळ्यांपैकी किती जणांकडे ते आहे, हे मुकादमांना विचारायला काय हरकत आहे? साखर त्यांच्याही घामाची आहे.

आता करायचे काय, असे सभासद विचारतील. आमच्या मते सगळे एका दिवशी होणार नाही, पण एक दुपार काढून घरातले सगळे कागद सतरंजीवर मांडावेत आणि प्रत्येक माणसाचे नाव, बापाचे किंवा नवऱ्याचे नाव, जन्मतारीख शेजारी शेजारी वाचावी. शाळा सोडल्याचा दाखला पाया धरावा. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्या मुलांना तर जन्मदाखलाच सगळीकडे लागणार आहे, तेव्हा नातवाचे नाव त्यात घालायचे राहिले असेल तर आधी ते घालून घ्यावे. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळांच्या नावात राज्य शासनाने आईचे नावही आणले आहे, ते आम्हाला फार योग्य वाटते. सुनेची विवाह नोंदणी केली नसेल तर ती आधी करावी, मग बाकीचे. कारखान्याच्या भागाला आणि मुंबईच्या घराला वारसाचे नामनिर्देशन करावे आणि त्यात नाव आधारावर आहे तसेच, काना-मात्रेसह लिहावे. नामनिर्देशन म्हणजे मालकी नव्हे, पण मागे राहिलेल्याला निदान खिडकीशी उभे राहू देतात.

आणि झेरॉक्स वाटत सुटू नये. खोलीमालकाला, दलालाला प्रत द्यावीच लागली तर तीवर कशासाठी दिली ते आणि तारीख आडवी लिहून सही करावी. मोबाईलवर आलेला आकडा फोनवर कुणालाही सांगू नये, समोरचा कितीही गोड बोलो.

एक गोष्ट राहिली, जराशी अवघड. चारकोप हा २००८ च्या पुनर्रचनेपासून विधानसभेचा स्वतंत्र मतदारसंघ आहे, पण तिथे राहणाऱ्या आपल्या मुलांपैकी पुष्कळांची नावे अजून गावच्या यादीत आहेत. काहींची दोन्हीकडे! निवडणूक आली की गाड्या भरून येतात, हे आपण सारे जाणतो. कायद्याने नाव एकाच ठिकाणी ठेवता येते, आणि जिथे राहतो तिथल्या यादीत नाव नसले तर पुढे वास्तव्याचा एक जुना, भक्कम पुरावा हातचा जातो. मुलांना वाटते, गावातले नाव गेले तर कारखान्यातले मतही गेले. तसे काही नाही. कारखान्याचे मत सभासदत्वावर आहे, विधानसभेच्या यादीवर नाही. ज्यांना नाव हलवायचे असेल त्यांनी नमुना ८ भरावा.