एएस, एसएस आणि मधला अवधी

गोंदिया जिल्ह्यातल्या सालेकसा, देवरी, अर्जुनी मोरगाव या भागात लग्नाची बोलणी पुढे सरकली की आता बऱ्याच घरांत विचारलं जातं, ‘पॅटर्न काय आहे?’ उत्तर दोन अक्षरांत येतं: एए, एएस किंवा एसएस. चौथीत शाळा सुटलेल्या बाईलाही ही अक्षरं ठाऊक असतात, कारण आशाताईंनी ती घरी येऊन सांगितलेली असतात आणि उपकेंद्राच्या रजिस्टरमध्ये घरातल्या माणसांच्या नावांपुढे लिहिलेली असतात. प्रयोगशाळेतली इतकी नेमकी संज्ञा खेड्यातल्या रोजच्या बोलण्यात रुळल्याचं दुसरं उदाहरण माझ्या पाहण्यात नाही. रुळताना मात्र तिचा अर्थ सरकला. एएस निघालेल्या मुलीलाही ‘सिकलसेल आहे’ म्हणतात आणि एसएस असलेल्या मुलालाही ‘सिकलसेल आहे’च म्हणतात. त्या मुलीला कोणताही आजार नाही. त्या मुलाला जन्मभर सांभाळावा लागणारा आजार आहे. एकाच शब्दात दोघांना बसवल्याने दोघांचंही नुकसान होतं, आणि ते थांबवायचं तर सिकलिंग म्हणजे पेशीत नक्की काय घडतं हे आधी पाहावं लागेल.

तांबड्या पेशीत हिमोग्लोबिन ठासून भरलेलं असतं. एका पेशीत त्याचे सुमारे २७ कोटी रेणू. प्रत्येक रेणूत दोन अल्फा आणि दोन बीटा साखळ्या. बीटा साखळीत १४६ अमिनो आम्लं असतात आणि त्यांतल्या सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन बसलं की ते हिमोग्लोबिन ‘एस’ होतं. बदल एवढाच. केंब्रिजमध्ये व्हर्नन इंग्रॅम यांनी १९५६-५७ मध्ये तो शोधून काढला. फुप्फुसातून ऑक्सिजन घेऊन निघालेला एस रेणू नेहमीच्या रेणूसारखाच वागतो. ऑक्सिजन सोडल्यावर मात्र त्याचा तो व्हॅलिनचा भाग शेजारच्या रेणूला चिकटतो, त्याला तिसरा चिकटतो आणि पेशीच्या आत लांब, ताठ तंतू उभे राहतात. ते पेशीला आतून ताणतात. गोल, लवचीक पेशी लांबट आणि अणकुचीदार होते. याला सिकलिंग म्हणतात.

जुन्या पद्धतीची सिकलिंग चाचणी ज्याने सूक्ष्मदर्शकाखाली पाहिली आहे तो ती विसरत नाही. काचपट्टीवर रक्ताचा थेंब, त्यात सोडियम मेटाबायसल्फाइटचं ताजं द्रावण, वर झाकणकाच आणि हवा आत जाऊ नये म्हणून तिच्या कडा बंद केलेल्या. सुरुवातीला सगळ्या पेशी गोलच दिसतात, मध्ये फिकट आणि कडेला गडद. थोड्या वेळाने एखादीची कड किंचित खडबडीत होते. मग तिला एका बाजूने टोक फुटतं, पाठोपाठ दुसऱ्या बाजूने. शेजारची अजून गोलच असते. पुन्हा पाहावं तर तिलाही टोक आलेलं असतं. सगळ्या पेशी एकदम वाकत नाहीत, एकेक करून वाकतात. आणि ऑक्सिजन परत मिळाला तर त्यांतल्या बहुतेक पुन्हा गोल होतात.

या शेवटच्या दोन गोष्टी माझ्या मते सगळ्यात महत्त्वाच्या आहेत. सिकलिंगला वेळ लागतो आणि ते उलटवता येतं.

१९७४ मध्ये अमेरिकेतल्या हॉफ्रिक्टर, रॉस आणि ईटन या संशोधकांनी हा वेळ मोजला. ऑक्सिजन सोडल्यावर एस हिमोग्लोबिन लगेच गोठत नाही. काही काळ काहीच होत नाही आणि मग तंतू भराभर वाढतात. सुरुवातीचा हा कोरा अवधी पेशीतल्या हिमोग्लोबिनच्या घनतेवर अवलंबून असतो, आणि किती, तर घनतेच्या जवळपास तिसाव्या घातावर. घनता शेकडा पाचने वाढली की अवधी चौथ्या हिश्श्यावर येतो. पुढे १९८७ मध्ये त्यांच्याच गटाने दाखवलं की एसएस माणसाच्या बहुतेक पेशी शरीरात वाकत नाहीत त्या याच अवधीमुळे. सूक्ष्म केशवाहिनीतून पार व्हायला पेशीला सेकंदभर लागतो. तंतू उभे राहण्याआधी ती तिथून निसटली आणि फुप्फुसाकडे परतली की वाचली. वाटेत अडकली, रेंगाळली, तर तिथेच ताठ होते आणि मागून येणाऱ्यांची वाट अडवते. हाड असो, पाणथरी असो, फुप्फुस असो, रक्त अडलं की तो भाग तडफडतो. गोंदियात डॉक्टर आणि घरचे दोघेही याला ‘क्रायसिस’ म्हणतात. घरचे आणखी एक म्हणतात: हाडं ठणकतात.

आता रोवणीचे दिवस डोळ्यांपुढे आणावेत. वैनगंगेच्या खोऱ्यातला हा धानाचा जिल्हा. जुलै-ऑगस्टमध्ये बाया सकाळपासून बांधीत वाकलेल्या असतात. पाय गार चिखलात, पाठीवर पाऊस, मध्येच ऊन निघालं की घाम. कामाच्या गर्दीत पाणी पिणं राहून जातं, शिवाय बांधीत लघवीला जाण्याची सोय नसते म्हणून बाया मुद्दामही कमी पितात. एसएस असलेल्या बाईच्या शरीरात यातली प्रत्येक गोष्ट तो अवधी कमी करते. पाणी कमी पडलं की पेशी आकसते आणि आतली घनता वाढते. गारठ्याने केशवाहिन्या आखडतात आणि पेशी तिथे जास्त वेळ अडकते. थकवा आणि ताप आणखी भर घालतात. नवतपाच्या उन्हातही हेच, तिथे फक्त गारठ्याच्या जागी घाम असतो. ‘भरपूर पाणी प्या, गारठ्यात राहू नका’ हा सल्ला ऐकणाऱ्याला किरकोळ वाटतो. पण तिसाव्या घाताचं गणित पाहिलं की पाण्याच्या तांब्याचं वजन कळतं. मुकादमाने आणि शेतमालकाने अशा बाईला हक्काने थांबू द्यावं, आडोसा करून द्यावा, असं मला फार वाटतं. हा औषधोपचाराचाच भाग आहे.

संज्ञेचा इतिहास थोडक्यात. शिकागोचे डॉक्टर जेम्स हेरिक यांनी १९१० मध्ये ग्रेनाडाहून दंतवैद्यक शिकायला आलेल्या वॉल्टर नोएल या तरुणाच्या रक्तातल्या विळ्यासारख्या पेशींचं वर्णन छापलं. ‘सिकल सेल ॲनिमिया’ हे नाव १९२२ मध्ये व्हर्न मेसन यांनी दिलं. १९४९ मध्ये लायनस पॉलिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी विजेच्या क्षेत्रात हिमोग्लोबिन सरकवून पाहिलं. निरोग्याचं हिमोग्लोबिन एका वेगाने सरकलं, रुग्णाचं दुसऱ्या, आणि वाहकाच्या, म्हणजे एएस माणसाच्या, रक्तात दोन्ही प्रकार मिळाले. गोंदियातला ‘पॅटर्न’ हा शब्द याच तंत्राचा वारस आहे. इलेक्ट्रोफोरेसिसच्या पट्टीवर ए आणि एस असे दोन पट्टे उमटले की एएस पॅटर्न, एसचा ठळक पट्टा दिसला आणि ए दिसलाच नाही की एसएस.

भारतात १९५२ मध्ये लेहमन आणि कटबुश यांनी निलगिरीतल्या आदिवासींमध्ये हा गुण नोंदवला. विदर्भाची नोंद त्यानंतर लवकरच झाली. नागपूरच्या वैद्यकीय महाविद्यालयातल्या शुक्ला, सोळंकी आणि परांडे यांचा भारतातल्या सिकल सेल आजारावरचा लेख १९५८ मध्ये ‘ब्लड’ या नियतकालिकात आला. तेव्हा गोंदिया भंडारा जिल्ह्यात होता, वेगळा जिल्हा झाला १ मे १९९९ रोजी. पुढे महाराष्ट्रातल्या आदिवासी समाजांची मोठी तपासणी पुण्याचे डॉ. सुदाम काटे यांनी केली. काही समाजांत शंभरात वीस ते पस्तीस माणसं वाहक आढळली. विदर्भात हा गुण अनुसूचित जातींत आणि इतर मागासवर्गीय समाजांतही आहे. म्हणून हा ‘आदिवासींचा आजार’ म्हणणं चुकीचंच आहे.

हा गुण इतका पसरला कसा, याचं उत्तर मलेरियात आहे. अँथनी ॲलिसन यांनी १९५४ मध्ये पूर्व आफ्रिकेतल्या अभ्यासातून दाखवलं की वाहकांना फाल्सिपेरम मलेरियापासून बरंच संरक्षण मिळतं. देवरी-सालेकसाच्या जंगलपट्ट्यात मलेरिया पिढ्यान्‌पिढ्या आहे. म्हणजे आज जी आई स्वतःला दोष देते, तिच्या पूर्वजांपैकी कित्येक जण याच एका अक्षरामुळे लहानपणीच्या तापातून वाचले असतील. एसएस मुलाला मात्र हे संरक्षण उपयोगी पडत नाही, उलट मलेरिया त्याला फार घातक ठरतो.

वाहकाबद्दल स्पष्ट सांगितलं पाहिजे. एएस माणसाच्या पेशीत एस हिमोग्लोबिन साधारण पस्तीस-चाळीस टक्के असतं, बाकी नेहमीचं. इतक्या मिश्रणात तो कोरा अवधी इतका लांबतो की रोजच्या आयुष्यात पेशी वाकतच नाही. क्वचित लघवीतून रक्त जाणं, अतिउंचीवर किंवा टोकाच्या श्रमात त्रास, एवढंच. वाहकाला औषध लागत नाही, पथ्य लागत नाही. एएस मुलीचं लग्न एए मुलाशी झालं तर एकही मूल एसएस होत नाही. दोघेही एएस असतील तर प्रत्येक गरोदरपणात एसएस मूल होण्याची शक्यता चारात एक असते. ‘प्रत्येक’ या शब्दावर जोर हवा. पहिलं मूल आजारी झालं म्हणून पुढची तीन सुटली, असं होत नाही.

असं असूनही मोडतं ते मुलीचंच लग्न. मुलाचा पॅटर्न विचारला जात नाही, किंवा विचारला तरी लपवला जातो. ग्रीसमधल्या ऑर्कोमेनोस या गावाचा अनुभव इथे बोलका आहे. तिथे दर चार-पाच माणसांत एक वाहक होता. सर्वांची तपासणी झाली, लग्नाबाबत सल्ला दिला गेला. काही वर्षांनी पाहिलं तर वाहकांवर कलंक बसला होता, बरेच जण आपला निकाल लपवत होते आणि दोन वाहकांची लग्नं जितकी योगायोगाने व्हावीत तितकीच झाली होती. अमेरिकेत १९७०च्या दशकात सक्तीच्या तपासणीचे कायदे करताना वाहक आणि रुग्ण यांत गल्लत झाली आणि निरोगी माणसांना नोकऱ्या आणि विमा नाकारला गेला. तपासणी वाढवायची तर समुपदेशन तिच्या आधी आणि तिच्यासोबत चाललं पाहिजे. १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशात शहडोल इथे सुरू झालेल्या राष्ट्रीय मोहिमेचं उद्दिष्ट ४० वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी हे आहे. आकडा मोठा आहे, म्हणून ही काळजीही तेवढीच मोठी.

गावात होणारी पहिली चाचणी सोल्युबिलिटीची, जिला आरोग्य कर्मचारी डीटीटी म्हणतात. डायथायोनाइटच्या द्रावणात रक्ताचे थेंब टाकून नळी काळ्या रेघांच्या कागदासमोर धरतात. रेघा दिसल्या तर निगेटिव्ह, द्रावण गढूळ होऊन रेघा झाकल्या तर पॉझिटिव्ह. एस आहे एवढंच ती सांगते. एएस की एसएस हे सांगत नाही. त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी लागते. आणि निगेटिव्ह आलेल्या माणसाला बीटा थॅलेसेमियाचा वाहक असल्याचं या नळीतून कळत नाही. अशा माणसाचं एएस जोडीदारापासून झालेलं मूल एस-बीटा थॅलेसेमियाने आजारी असू शकतं. म्हणून लग्नाआधी दोघांचीही एचपीएलसी व्हावी, एकट्या मुलीची डीटीटी पुरत नाही.

उपचारांचं बोलायचं तर आपल्याकडच्या रुग्णांत गर्भावस्थेतलं हिमोग्लोबिन ‘एफ’ पुष्कळदा जास्त टिकून असतं. ते तंतूत सामील होत नाही, त्यामुळे अवधी लांबतो. यावरून भारतातला आजार सौम्य, असं बरीच वर्षं मानलं गेलं. नागपूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात डॉ. दीप्ती जैन आणि सहकाऱ्यांनी जन्मापासून पाठपुरावा केलेल्या बाळांनी हा समज खोडून काढला: काहींना पहिल्या वर्षांतच गंभीर त्रास झाला. याच गटाने कमी मात्रेतलं हायड्रॉक्सियुरिया मुलांमध्ये वापरून क्रायसिस आणि रक्त चढवण्याची गरज खूप कमी झाल्याचं दाखवलं. हे औषध एफ वाढवतं. ते स्वस्त आहे, मात्र रोज घ्यावं लागतं आणि अधूनमधून रक्तातल्या पेशींची मोजणी करावी लागते. २०२३ च्या अखेरीस ब्रिटन आणि अमेरिकेने मान्य केलेला जनुक-संपादनाचा उपचारही एफच वाढवतो, पण अमेरिकेत त्याची किंमत एका रुग्णामागे बावीस लाख डॉलर आहे.

एसएस बाळ जन्मतः निरोगी दिसतं, कारण तेव्हा त्याच्या रक्तात बहुतांश एफच असतं. ते ओसरून चार-सहा महिन्यांनी त्रास सुरू होतो: तळहात-तळपाय सुजतात, पाणथरी निकामी होऊ लागते आणि न्यूमोकोकससारखा जंतुसंसर्ग काही तासांत जीव घेऊ शकतो. अमेरिकेत १९८६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत रोज पेनिसिलिन दिलेल्या लहान मुलांमध्ये हा संसर्ग ८४ टक्क्यांनी घटला. दुसऱ्या महिन्यापासून ते द्यायचं तर निदान त्याआधी हातात हवं. गरोदरपणात आईची तपासणी होतेच. ती एएस निघाली की वडिलांची त्याच आठवड्यात आणि बाळाची जन्मानंतर लगेच एचपीएलसी करावी. बाळासाठी डीटीटी चालत नाही, एफ इतकं असतं की रेघा स्पष्ट दिसतात आणि एसएस बाळही निगेटिव्ह ठरतं.