कुक, सॅम

कुक, सॅम : (२२ जानेवारी १९३१–११ डिसेंबर १९६४). सोल संगीताचा पाया घालणारा अमेरिकन कृष्णवर्णीय गायक, गीतकार-संगीतकार व ध्वनिमुद्रिका-व्यावसायिक. मूळ नाव सॅम्युएल कुक. आडनावाच्या इंग्रजी वर्णलेखनात अखेरचे ‘ई’ हे अक्षर त्याने १९५७ मध्ये जोडले; उच्चार मात्र तोच राहिला. मिसिसिपी राज्यातील क्लार्क्सडेल या कापूस-उत्पादक प्रदेशातील गावी त्याचा जन्म झाला. वडील चार्ल्स कुक हे ख्रिस्ती धर्मोपदेशक होते. १९३३ मध्ये हे कुटुंब शिकागोस स्थलांतरित झाले. दक्षिणेकडील शेतमजुरी व वर्णभेद यांस कंटाळून लक्षावधी कृष्णवर्णीय त्या काळात उत्तरेकडील औद्योगिक शहरांत जात होते. त्या महास्थलांतराचाच हा एक भाग होय. शिकागोमध्ये सॅम आपल्या भावंडांसह वडिलांच्या चर्चमध्ये गाऊ लागला. वेंडेल फिलिप्स हायस्कूलमध्ये त्याचे शिक्षण झाले. विख्यात गायक नॅट ‘किंग’ कोल हाही याच विद्यालयाचा विद्यार्थी होता. शालेय वयातच सॅम ‘हायवे क्यूसीज’ या तरुण मुलांच्या भक्तिगीत-गायकवृंदात सामील झाला.

त्याच्या कलेची जडणघडण गॉस्पेल संगीतात झाली असल्याने त्या परंपरेची थोडी ओळख आवश्यक ठरते. गॉस्पेल म्हणजे अमेरिकन कृष्णवर्णीयांच्या प्रॉटेस्टंट चर्चमध्ये विकसित झालेले भक्तिसंगीत. त्यातील चार-पाच पुरुषांच्या गायकवृंदांस वाद्यांची साथ अत्यल्प असे, वा मुळीच नसे. साथीदार एखादे पालुपद लयीत धरून ठेवत आणि त्यावर मुख्य गायक शब्दांची फिरवाफिरव करीत, स्वर चढवीत श्रोत्यांना भावावेशाच्या टोकापर्यंत नेई. श्रोतेही टाळ्या, उद्गार व प्रतिसाद यांनी गायनात भाग घेत. आपल्याकडील भजनी मंडळीत बुवा आणि टाळकरी यांच्यात जी देवघेव चालते, तिच्याशी या पद्धतीचे काहीसे साम्य आहे. मात्र गॉस्पेलमधील आवेग अधिक नाट्यपूर्ण असतो.

टेक्सस राज्यात स्थापन झालेला व पुढे शिकागोत स्थिरावलेला ‘सोल स्टिरर्स’ हा अशा वृंदांतील अग्रगण्य. मुख्य गायक आर. एच. हॅरिस १९५० मध्ये वृंदातून निवृत्त झाला आणि त्याच्या जागी एकोणीस वर्षांच्या कुकची निवड झाली. हॅरिसचे स्थान असामान्य होते. आरंभी कुकने त्याचेच अनुकरण केले. १ मार्च १९५१ रोजी लॉस अँजेल्स येथे ‘स्पेशॅल्टी’ या कंपनीसाठी त्याचे वृंदासोबत पहिले ध्वनिमुद्रण झाले. इतर वृंदांतील गायक आरोळ्यांनी सभागृह दणाणून सोडत असताना केवळ ओरडून त्यांची बरोबरी करता येणार नाही, हे त्याने लवकरच ओळखले. त्याने निराळी वाट धरली. स्वच्छ व मृदू आवाज, स्पष्ट शब्दोच्चार आणि एकाच स्वरवर्णावर हलकेच वर चढून खाली उतरणारी मुरकीसदृश लकेर ही त्याच्या गायनाची ओळख ठरली. ही लकेर पुढे इतकी अनुकरणीय झाली, की तिच्यावरून त्याचा आवाज पहिल्या काही क्षणांतच ओळखता येई. बायबलमधील एखादा प्रसंग कथेसारखा रंगवून सांगण्याची हातोटीही त्याच्यापाशी होती. ‘टच द हेम ऑफ हिज गारमेंट’ (१९५६) हे या दृष्टीने त्याचे उत्कृष्ट भक्तिगीत होय. तथापि त्याच्या आवाजात केवळ माधुर्यच होते, हा समज बरोबर नाही. १९५५ मध्ये लॉस अँजेल्सच्या श्राइन सभागृहात झालेल्या कार्यक्रमाचे ध्वनिमुद्रण उपलब्ध असून त्यात तो सभागृहाला अक्षरशः वेड लावताना ऐकू येतो.

भक्तिगीते सोडून लौकिक प्रेमगीतांकडे वळणे ही त्या काळी साधी व्यावसायिक बाब नव्हती. चर्चच्या व्यासपीठावर गाणाऱ्याने नृत्यगृहासाठी गाणे म्हणजे देवाचा आवाज बाजारात विकणे, अशी भाविकांची धारणा होती आणि असे करणाऱ्यास परतीची वाट बहुधा बंद होई. म्हणूनच १९५६ च्या अखेरीस ध्वनिमुद्रित केलेले ‘लव्हेबल’ हे पहिले लौकिक गीत ‘डेल कुक’ या टोपणनावाने प्रसिद्ध करण्यात आले. ते वृंदाच्याच एका भक्तिगीताचे शब्द बदलून रचलेले होते. टोपणनावाने कोणीही फसले नाही. आवाज लपण्यासारखा नव्हताच. वृंदाशी असलेला त्याचा संबंध १९५७ मध्ये संपला. वडिलांनी मात्र त्याच्या निर्णयास विरोध केला नाही. उपजीविकेसाठी गायनाचा प्रकार बदलण्यात त्यांना पाप दिसले नाही, असे सांगतात.

त्याच वर्षी निर्माता बम्प्स ब्लॅकवेल याच्या साहाय्याने त्याने नवी गीते ध्वनिमुद्रित केली. स्पेशॅल्टीचा मालक आर्ट रूप यास गोऱ्या गायकांची कोरस-साथ व एकूण गुळगुळीत बाज पसंत पडला नाही. वादाची परिणती अशी झाली, की स्वतःच्या येणे असलेल्या रकमेच्या बदल्यात ब्लॅकवेलने ती ध्वनिमुद्रणे ताब्यात घेऊन कंपनी सोडली. ‘कीन’ या नव्या कंपनीने ती प्रसिद्ध केली. त्यांतील ‘यू सेंड मी’ हे गीत १९५७ च्या अखेरीस ऱ्हिदम अँड ब्लूज व सर्वसाधारण लोकप्रिय संगीत या दोन्ही वर्गांच्या सूचींत प्रथम स्थानी पोहोचले व त्याच्या दहा लाखांहून अधिक ध्वनिमुद्रिका खपल्या. विशेष म्हणजे ध्वनिमुद्रिकेची मुख्य बाजू गर्श्विनच्या ‘समरटाइम’साठी योजलेली होती. ३ नोव्हेंबर १९५७ रोजी दूरचित्रवाणीवरील एड सुलिव्हन याच्या कार्यक्रमात वेळ संपल्याने कुकचे गाणे मध्येच तोडले गेले. प्रेक्षकांनी तक्रारींचा एवढा भडिमार केला, की १ डिसेंबर रोजी त्यास पुन्हा पाचारण करावे लागले. गीताच्या श्रेयनामावलीत मात्र त्याच्या भावाचे नाव होते. प्रकाशनहक्कांचे उत्पन्न जुन्या कंपनीकडे जाऊ नये, यासाठी केलेली ही तजवीज होती.

या तजविजीतूनच त्याच्या कारकीर्दीचा एक महत्त्वाचा पैलू स्पष्ट होतो. त्या काळी कृष्णवर्णीय कलावंतांस ध्वनिमुद्रणाचा थोडा रोख मोबदला मिळे. गीताचे प्रकाशनहक्क आणि पुढे वर्षानुवर्षे येणारे स्वामित्वधन बहुधा कंपनीकडेच राही. ‘पिलग्रिम ट्रॅव्हलर्स’ या वृंदातील जे. डब्ल्यू. अलेक्झांडर याच्या सल्ल्याने कुकने हे अर्थकारण समजून घेतले. ‘कॅग्ज म्यूझिक’ ही प्रकाशनसंस्था व १९५९ पासून ‘सार’ ही ध्वनिमुद्रिका-कंपनी त्याने भागीदारीत चालविली. सोल स्टिरर्स, जॉनी टेलर व बॉबी वोमॅक आणि त्याचे बंधू यांचा ‘व्हॅलेंटिनोज’ हा वृंद हे या कंपनीचे प्रमुख कलावंत होते. व्हॅलेंटिनोजचे ‘इट्स ऑल ओव्हर नाउ’ हे गीत १९६४ मध्ये ‘रोलिंग स्टोन्स’ या इंग्लिश वृंदाने गाऊन ब्रिटनमधील आपले पहिले अग्रस्थान मिळविले. स्वतःच्या मुद्रिकांसाठी कुकने १९६० मध्ये आरसीए व्हिक्टर या बड्या कंपनीशी करार केला. १९६३ मध्ये ॲलन क्लाइन या हिशेबतज्ञाने कंपनीकडून त्यास मोठी थकबाकी व अधिक अनुकूल करार मिळवून दिला. नव्या व्यवस्थेत ध्वनिमुद्रणांचे हक्क ‘ट्रेसी लिमिटेड’ या संस्थेकडे गेले. तिची मालकी मात्र कागदोपत्री क्लाइनकडे होती आणि कुकच्या मृत्यूनंतर त्याच्या उत्तरकालीन गीतांचा ठेवा क्लाइनच्याच कंपनीकडे राहिला. मालकीचे महत्त्व आपल्या पिढीतील इतर कोणत्याही गायकापेक्षा अधिक जाणणाऱ्या कलावंताच्या बाबतीत हे घडावे, हा दैवदुर्विलासच म्हटला पाहिजे.

१९६० ते १९६४ या काळात त्याची अनेक गीते लोकप्रिय झाली. लू ॲडलर व हर्ब अल्पर्ट यांच्या सहकार्याने रचलेले ‘वंडरफुल वर्ल्ड’ (१९६०), दौऱ्यावर असताना रस्त्याच्या कामावर जुंपलेले कैदी पाहून सुचलेले ‘चेन गँग’ (१९६०), तसेच ‘क्यूपिड’ (१९६१), ‘ट्विस्टिंग द नाइट अवे’ (१९६२) व ‘अनदर सॅटरडे नाइट’ (१९६३) ही त्यांपैकी काही होत. यांतील बरीचशी गीते हलकीफुलकी असून गोऱ्या तरुण श्रोत्यांना डोळ्यांसमोर ठेवून बेतलेली आहेत; वाद्यमेळ पुष्कळदा साखरेत घोळल्यासारखा वाटतो. याउलट ‘ब्रिंग इट ऑन होम टू मी’ (१९६२) या गीतात लू रॉल्स याच्याशी केलेल्या सवाल-जबाबात जुना गॉस्पेल वृंद जणू पुन्हा जिवंत होतो. केवळ मोजक्या वादकांच्या साथीने रात्री ध्वनिमुद्रित केलेली ‘नाइट बीट’ (१९६३) ही संकलित ध्वनिमुद्रिका त्याच्या आवाजाचा खरा पोत दाखविते. तीत ऑर्गन वाजविणारा बिली प्रेस्टन तेव्हा सोळा वर्षांचा होता.

एकाच गायकाचे दोन अवतार त्याच्या दोन प्रत्यक्ष कार्यक्रमांच्या ध्वनिमुद्रणांत आढळतात. न्यूयॉर्कच्या ‘कोपाकबाना’ या उच्चभ्रू रात्रमंडळात १९५८ मध्ये तो अपयशी ठरला होता; १९६४ मध्ये तेथेच त्याने यश संपादन केले आणि त्या कार्यक्रमाची ध्वनिमुद्रिका लगेच निघाली. १२ जानेवारी १९६३ रोजी मायामीतील कृष्णवर्णीयांच्या ‘हार्लेम स्क्वेअर क्लब’मध्ये झालेला कार्यक्रम मात्र अतिशय रांगडा म्हणून आरसीएने दडवून ठेवला आणि तो १९८५ मध्ये प्रकाशात आला. पहिल्या कार्यक्रमात सफाई आहे. दुसऱ्यात घशाला पडलेली खर, सॅक्सोफोनवर किंग कर्टिसची साथ आणि श्रोत्यांचा एकसुरी प्रतिसाद आहे. आज अभ्यासक दुसऱ्यासच श्रेष्ठ मानतात व ते योग्यच आहे.

दक्षिणेकडील दौऱ्यांत कृष्णवर्णीय कलावंतांस उपाहारगृहे, निवास व सभागृहातील आसने या सर्वच बाबतींत वर्णभेदास तोंड द्यावे लागे. १९६१ मध्ये मेंफिस येथे प्रेक्षकांची वर्णवार विभागणी केल्याने कुक व क्लाइड मॅकफॅटर यांनी गाण्यास नकार दिला. ऑक्टोबर १९६३ मध्ये लुइझिॲनातील श्रीव्हपोर्ट येथे एका निवासगृहाने आधी नोंदविलेली खोली देण्याचे नाकारले. कुकने निषेध केला तेव्हा शांतताभंगाच्या आरोपावरून त्यास व सहकाऱ्यांस अटक झाली. त्याच वर्षी जूनमध्ये त्याचा दीड वर्षाचा मुलगा घरच्या पोहण्याच्या तलावात बुडून मरण पावला होता. बॉब डिलनचे ‘ब्लोइंग इन द विंड’ हे गीत याच सुमारास त्याच्या ऐकण्यात आले. असे गीत एका गोऱ्या तरुणाने लिहावे आणि आपण लिहू नये, याची खंत त्याच्या मनास लागली. या सर्वांतून ‘अ चेंज इज गॉना कम’ हे गीत निर्माण झाले. ३० जानेवारी १९६४ रोजी हॉलिवुडमध्ये त्याचे ध्वनिमुद्रण झाले. संयोजक रने हॉल याने तंतुवाद्ये, फ्रेंच हॉर्न व टिंपनी यांची भारदस्त योजना केली. चर्चमधील आर्त प्रार्थनेचा सूर, दैनंदिन अपमानांचा पाढा आणि परिवर्तनावरील डळमळीत, तरीही न सुटलेला विश्वास यांचे असे मिश्रण लोकप्रिय संगीतात पूर्वी झाले नव्हते. ७ फेब्रुवारी १९६४ रोजी ‘टुनाइट शो’ या कार्यक्रमात त्याने ते गायले. त्याची चित्रफीत जतन झालेली नाही. दोनच दिवसांनी बीटल्स वृंदाचे अमेरिकन दूरचित्रवाणीवर आगमन झाले आणि सर्व चर्चा तिकडे वळली. स्वतंत्र मुद्रिकेसाठी गीत आखूड करताना चित्रपटगृह व शहराच्या मध्यवस्तीत होणाऱ्या मज्जावाचा उल्लेख असलेले कडवेच गाळण्यात आले, ही गोष्ट बोलकी आहे. त्याच महिन्याच्या अखेरीस कॅशियस क्ले (नंतरचा मुहंमद अली) याने मायामीत सनी लिस्टनला हरवून जागतिक मुष्टियुद्धाचे अजिंक्यपद मिळविले, तेव्हा त्याने आनंदाच्या भरात कुकला रिंगणात बोलावून घेतले. त्या रात्री मॅल्कम एक्सही त्यांच्यासमवेत होता.

११ डिसेंबर १९६४ रोजी लॉस अँजेल्समधील हॅसिएंडा मोटेलच्या व्यवस्थापिकेने झाडलेल्या गोळीने कुकचा मृत्यू झाला. त्याच्यासोबत आलेली स्त्री त्याचे कपडे घेऊन निघून गेल्यावर तो संतापाने कार्यालयात घुसला व झटापट झाली, अशी साक्ष व्यवस्थापिकेने दिली. मृत्युसमीक्षकाच्या पंचांनी काही दिवसांतच हे कृत्य आत्मसंरक्षणार्थ व समर्थनीय ठरविले. कुटुंबीय व अनेक चाहते यांचे या निर्णयाने समाधान झाले नाही. तथापि कटाचा पुरावा पुढे आलेला नाही. चौकशी उरकण्यात आली ती घाई मात्र आक्षेपार्ह वाटते. शिकागो व लॉस अँजेल्स या दोन्ही ठिकाणी अंत्यविधीस हजारो लोक लोटले. लॉस अँजेल्समध्ये रे चार्ल्स याने भक्तिगीत गायले. २२ डिसेंबर रोजी ‘शेक’ या नृत्यगीताच्या मागील बाजूस ‘अ चेंज इज गॉना कम’ प्रसिद्ध झाले आणि नागरी हक्क चळवळीने ते आपलेसे केले.

गॉस्पेलची गायनपद्धती लौकिक गीतांत आणण्याचे श्रेय प्रथम रे चार्ल्सकडे जाते. त्याने १९५४ पासून भक्तिगीतांचे साचे ऱ्हिदम अँड ब्लूजमध्ये वापरले. परंतु चार्ल्स क्लबमधून चर्चकडे वळला, तर कुक चर्चमधून बाहेर आला. गॉस्पेलचा मान्यवर गायकच बाहेर पडल्याने इतरांस वाट मोकळी झाली. ओटिस रेडिंगने ‘ओटिस ब्लू’ (१९६५) या संकलनात कुकची तीन गीते समाविष्ट केली. अरीथा फ्रँक्लिन, अल ग्रीन, मार्व्हिन गे व ब्रिटिश गायक रॉड स्ट्यूअर्ट यांच्यावर त्याचा प्रभाव स्पष्ट दिसतो. १९८६ मध्ये ‘रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम’मध्ये समाविष्ट झालेल्या पहिल्या मानकऱ्यांत त्याचा अंतर्भाव होता. ‘अ चेंज इज गॉना कम’चा समावेश २००७ मध्ये अमेरिकन काँग्रेसच्या ग्रंथालयाने राष्ट्रीय ध्वनिमुद्रण-सूचीत केला, आणि २००९ च्या जानेवारीत बराक ओबामा यांच्या पदग्रहणानिमित्त लिंकन स्मारकासमोर झालेल्या समारंभात ते गायले गेले. १९६३ च्या अटकेबद्दल श्रीव्हपोर्टच्या महापौराने कुकच्या कुटुंबाची जाहीर क्षमा मागितली, ती २०१९ मध्ये.